गाळ-मुरूम वाहताना ट्रॅक्टर जप्त झाला तर

रब्बीचं रान मोकळं झालं की तलावांचा गाळ निघतो, शेतरस्त्यांवर मुरूम पडतो आणि महसूलची पथकंही याच दिवसांत रस्त्यावर असतात. पेरणीच्या तोंडावर ट्रॅक्टर तहसीलच्या आवारात अडकला तर भाड्याचा ट्रॅक्टर शोधावा लागतो, हप्ता मात्र चालूच राहतो.

‘गाळमुक्त धरण, गाळयुक्त शिवार’ योजनेत शेतासाठी गाळ मोफत आहे, पण वाळू उचलायला मनाई आहे. परवानगीपत्राची प्रत आणि ज्या गटात गाळ टाकायचा त्याचा सातबारा ड्रायव्हरजवळ ठेवा. घरी कपाटात ठेवलेल्या कागदाचा रात्री नाक्यावर काही उपयोग नाही. मुरमाचं तसं नाही. तो स्वतःच्या गटातून काढून गोठ्यासाठी नेत असाल तरी आधी परवाना आणि वाहतूक पास घ्या. पासवरची तारीख, वेळ आणि गाडी नंबर जुळला पाहिजे. एकाच पासवर दुसरी खेप मारू नका.

साध्या मातीबाबत एक मुद्दा बहुतेकांना माहीत नसतो. केंद्राच्या ३ फेब्रुवारी २००० च्या अधिसूचनेनुसार बांध, रस्ते, रेल्वे, इमारती यांच्या बांधकामात भराव किंवा सपाटीकरणासाठी वापरलेली माती गौण खनिज (वाळू-मुरमासारखं, परवाना लागणारं खनिज) ठरते. पुण्याच्या बांधकाम व्यावसायिकांच्या प्रकरणात २०१४ मध्ये सर्वोच्च न्यायालयानेही माती कशासाठी वापरली याकडे बोट दाखवलं. म्हणजे माल कोणता आणि कशासाठी, याला महत्त्व आहे. त्यामुळे गाडी अडवली की सगळ्यात जास्त लक्ष पंचनाम्याकडे द्या. ट्रॉलीत काळा गाळ आणि कागदावर ‘अंदाजे १ ब्रास मुरूम’, असं झालं तर पुढची सगळी लढाई त्या ओळीशी होते. सही करण्याआधी वाचा, चूक असेल तर तिथेच हरकत लिहा, मालाचा फोटो काढा, प्रत मागा. ड्रायव्हरला कोऱ्या कागदावर सही करू देऊ नका, हे त्याला आधीच बजावून ठेवा.

मग पहिला प्रश्न: जप्ती महसूलची की पोलिसांची? इथेच लोक चुकीच्या दारात उभे राहतात.

महसूलची असेल तर जमीन महसूल संहितेचं कलम ४८ लागतं. ४८(७) खाली मालाच्या बाजारभावाच्या पाचपटीपर्यंत दंड होतो. वाहनाचा दंड वेगळा, ४८(८) खाली. २०१८ च्या दुरुस्तीने ट्रॅक्टरला १ लाख रुपये. जप्त वाहन ४८ तासांत जिल्हाधिकाऱ्यांपुढे किंवा त्यांनी प्राधिकृत केलेल्या, उपजिल्हाधिकारी दर्जापेक्षा कमी नसलेल्या अधिकाऱ्यापुढे हजर करायचं असतं. दंड भरून आणि वाहनाच्या किमतीपर्यंतचा वैयक्तिक बंधपत्राचा कागद दिल्यावर हेच अधिकारी वाहन सोडू शकतात. वाहनाच्या दंडाचा आदेश तहसीलदारांच्या सहीने निघाला, अशी प्रकरणं उच्च न्यायालयात टिकलेली नाहीत. म्हणून आदेशावर सही कोणाची, नोटीस देऊन म्हणणं ऐकलं का, हे वकिलाला आधी दाखवा. तहसीलदारांच्या आदेशावर प्रांताधिकाऱ्यांकडे ६० दिवसांत अपील करता येतं. ती पायरी सोडून थेट रिट (उच्च न्यायालयात याचिका) केली तर ‘अपील का केलं नाही?’ हा प्रश्न ठरलेलाच.

पोलिसांनी चोरीचा गुन्हा नोंदवला असेल तर तहसीलमध्ये खेटे घालून ट्रॅक्टर सुटणार नाही. मॅजिस्ट्रेटकडे भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ४९७ किंवा ५०३ खाली (पूर्वीची ४५१, ४५७) सुपूर्तनाम्याचा (खटला चालू असताना वाहन हमीवर ताब्यात मिळण्याचा) अर्ज करा. आरसी, विमा, कर्ज असेल तर बँकेचं पत्र सोबत जोडा. वाहनं ठाण्यात सडत ठेवू नयेत, असं सर्वोच्च न्यायालयाने २००२ मध्येच सांगितलंय; अर्जात त्याचा आधार घ्या. आरसी अजून जुन्या मालकाच्या नावावर असेल तर अर्ज अडतो, तेव्हा वापरलेला ट्रॅक्टर घेतलेल्यांनी नाव आत्ताच चढवून घ्यावं.

ट्रॅक्टर ताब्यात घेताना बॅटरी, टायर, हायड्रॉलिक जॅक तपासून पावतीवर नोंद करवा. सुपूर्तनाम्यावर सुटलेला ट्रॅक्टर कोर्टाच्या परवानगीशिवाय विकू नका, त्याचा रंगही बदलू नका. बोलावलं की तो हजर करावा लागतो.