इंग्रजी उद्गारचिन्ह: खरी मेख अवतरणापाशी

'व्हॉट अ मॅच!' किंवा 'ओ नो!' इथे उद्गारचिन्ह येतं हे शाळेतच कळलेलं असतं, त्यावर वेळ घालवत नाही. एवढंच पाहा की 'हाऊ ब्यूटिफुल इट इज!' यात इट आधी आणि इज नंतर. उलटं केलंत तर तो प्रश्न होतो.

ग्यानबाची मेख आहे ती संवादात. अजूनही तिथे माझा हात थबकतो. "रन," शी सेड. इथे रननंतर स्वल्पविराम आहे. आता ती ओरडली: "रन!" शी शाउटेड. उद्गारचिन्ह आलं की स्वल्पविराम गेला, दोन्ही एकत्र नाहीत. आणि शीमधला एस लहानच! कारण वाक्य रनपाशी संपलेलंच नाही, ते शाउटेडपाशी संपतं. देवनागरीत लहान-मोठी अक्षरं नसल्याने ही सवय आपल्याला मुळात नाही, त्यात ऑटोकरेक्ट कधीकधी तो एस परस्पर मोठा करून ठेवतं. त्याच्या भरवशावर राहाल तर फसाल.

दुसरी बाजू. ही अ‍ॅक्च्युअली सेड "नो"! तो 'नो' शांतपणेच म्हणाला, थक्क झालो आपण. म्हणून चिन्ह अवतरणाच्या बाहेर. अमेरिकन पद्धतीत पूर्णविराम आणि स्वल्पविराम नेहमी आत जातात, म्हणून लोक उद्गारचिन्हही आत ढकलतात. ते चूक. ओरडतंय कोण, ते पाहायचं: पात्र ओरडत असेल तर आत, लिहिणारा चकित असेल तर बाहेर. व्याकरण तपासणाऱ्या अ‍ॅपला हे दरवेळी कळेल असं मला वाटत नाही.

घाबरू नका, पाच-दहा पानं संवाद लिहिले की हात बसतो.

'उद्गारचिन्ह वापरूच नका' म्हणणारे मार्गदर्शक मला पटत नाहीत. त्यांना शिकवायचा कंटाळा असतो. सहकाऱ्याला 'थँक्स!' लिहिलंत तर बिघडत काहीच नाही. मात्र 'प्लीज रिप्लाय!' लिहू नका, ते खेकसल्यासारखं वाचलं जातं. तिथे पूर्णविराम पुरे. नोकरीच्या अर्जात तर शक्यतो एकही नको. ओळीने तीन चिन्हं किंवा प्रश्नचिन्हाला जोडून उद्गारचिन्ह हे चॅटमध्ये चालतं, अहवालात नाही.