एअर सस्पेन्शनचं काम झाल्यावर उंची अशी मोजा

एअर सस्पेन्शनमध्ये स्प्रिंगच्या जागी असलेली हवेची पिशवी, उंची मोजणारा हाइट सेन्सर किंवा चाक गाडीच्या सांगाड्याला जोडणारा कंट्रोल आर्म बदलला की गाडीची उंची स्कॅनरवर, म्हणजे गाडीच्या कॉम्प्युटरला जोडायच्या यंत्रावर, नव्याने शिकवावी लागते. नाशिकमध्ये अंबड-सातपूरकडे स्कॅनरवाले मिळतात. अडतं ते जमिनीपाशी, कारण मोजताना गाडी सपाट जागी उभी हवी. गॅरेजच्या फरशीला पाणी वाहून जायला उतार दिलेला असतो आणि तो डोळ्यांना दिसत नाही. गवंड्याची पाणी भरलेली पारदर्शक नळी चारही चाकांच्या जागी लावून बघा, दोन मिनिटांत कळतं.

आधी टायरमध्ये कंपनीने सांगितलेली हवा भरा, डिकी रिकामी करा, दारं लावा. जॅक मोड (गाडी जॅकवर उचलताना सस्पेन्शन आपोआप हलू नये म्हणून दिलेली सोय) बंद आहे ना, तेही बघा. काम लांबलं तर बॅटरी बसते, म्हणून चार्जर जोडून ठेवा.

बऱ्याच गाड्यांत चाकाच्या मध्यापासून थेट वर मडगार्डच्या कडेपर्यंतचं अंतर मिलिमीटरमध्ये घेतात. जमिनीपासून मोजू नका, झिजलेला टायर आकडा बिघडवतो. काही मॉडेलमध्ये मात्र आर्मचा कोन मोजतात, तेव्हा मॅन्युअल उघडाच. चारही कोपऱ्यांचे खरे आकडे स्कॅनरमध्ये टाका. ‘सेन्सरची पट्टी जरा वाकवतो, होईल बरोबर’ म्हणणाऱ्याला हात लावू देऊ नका.

आर्मच्या रबरी बुशचे बोल्ट गाडी नेहमीच्या उंचीवर असतानाच शेवटचे आवळायचे; लटकत्या चाकावर आवळले तर बुश पिळून लवकर फाटतो. मग व्हील अलाइनमेंट, हेडलाइटची पातळी. रात्रभर गाडी उभी ठेवून सकाळी पुन्हा टेप लावा. एखादा कोपरा बसला असेल तर जोडांवर साबणाचं पाणी मारून गळती शोधा. कसारा घाटात गाडी त्यानंतरच घाला.