अमेरिकेचे केंद्रीय बंदूक कायदे कसे वाचावेत: विधीच्या विद्यार्थ्यांसाठी एक टिपण

अमेरिकेत कुठे गोळीबार झाल्याची बातमी आली की आपल्याकडे हमखास एक वाक्य ऐकू येते: "तिथे बंदुकीवर कायदाच नाही." हे वाक्य चुकीचे आहे. तिथे १९३४ पासून ठोस केंद्रीय कायदे आहेत, ते एकावर एक रचले गेले आहेत आणि काही ठिकाणी नंतरच्या कायद्याने आधीच्याची धार बोथट केली आहे. नागपुरात विद्यार्थ्यांबरोबर तुलनात्मक संविधान वाचताना असे दिसते की बहुतेक जण हा इतिहास हत्यांच्या क्रमाने पाठ करतात: अमक्याचा खून झाला, मग तमका कायदा आला. हा क्रम खोटा नाही, पण त्यातून कायदा असाच का घडला हे कळत नाही. म्हणून प्रत्येक कायद्यापाशी थांबून एकच प्रश्न विचारावा: हा कायदा करण्याचा अधिकार अमेरिकी काँग्रेसला कुठून मिळाला? (इथे काँग्रेस म्हणजे तिथली संसद, वहीत प्रत्येक वेळी "अमेरिकी" हे विशेषण लावावे, नाहीतर आपल्याकडे घोटाळा होतो.)

सुरुवात आपल्या संविधानाच्या सातव्या अनुसूचीपासून करावी. संघसूचीतील पाचवी नोंद "शस्त्रे, अग्निशस्त्रे, दारूगोळा आणि स्फोटके" हा विषय सरळ संसदेकडे सोपवते. त्यामुळे १९५९ चा शस्त्र अधिनियम करताना संसदेला कोणतीही आडवाट शोधावी लागली नाही. आणि स्फोटकांचे नियमन करणाऱ्या केंद्रीय संघटनेचे मुख्यालय तर आपल्या नागपुरातच आहे. अमेरिकी संविधानात अशी नोंद नाही. तिथे पहिल्या अनुच्छेदाच्या आठव्या कलमात काँग्रेसचे अधिकार मोजून दिले आहेत. त्यांतले मुख्यतः दोन बंदुकीच्या कामी येतात: कर बसवणे आणि राज्याराज्यांमधील व्यापाराचे नियमन करणे. शस्त्रे बाळगण्याच्या हक्काची १७९१ ची दुसरी घटनादुरुस्ती सगळ्यांना ठाऊक असते, पण केंद्रीय कायद्यांच्या वाटेत विसाव्या शतकात ती फारशी आडवी आलेली नाही. खरा अडसर अधिकारांच्या या मोजक्या यादीचा होता.

आता वहीत चार रकाने आखावेत: वर्ष, अधिकाराचा आधार, प्रत्यक्ष बदल, आणि पुढे त्या तरतुदीचे काय झाले. कायद्यामागची घटना समासात लिहिली तरी पुरे. चौथा रकाना रिकामा सोडण्याचा मोह होतो, तो टाळावा; या विषयातील निम्म्या चुका तिथेच होतात.

पहिली ओळ १९१९ ची. युद्धखर्च भागवण्यासाठी केलेल्या महसूल कायद्याने बंदुका आणि काडतुसांवर १० टक्के कर बसवला. दुसरी ओळ १९२७ ची: लपवून नेता येतील अशी पिस्तुले आणि रिव्हॉल्व्हर सरकारी टपालाने पाठवण्यावर बंदी आली, मात्र खासगी मालवाहतूक कंपन्या तिच्याबाहेर राहिल्या, कारण हा कायदा टपालाच्या अधिकारावर उभा होता आणि टपालापुरताच चालला. याच १९२७ मध्ये नागपुरात मंचरशा आवारी ब्रिटिशांच्या शस्त्र कायद्याविरुद्ध उघडपणे तलवारी घेऊन सत्याग्रह करत होते. दोन्हींचा परस्परसंबंध काही नाही. पण एक सरकार प्रजेला निःशस्त्र ठेवण्यासाठी कायदा वापरत होते आणि दुसऱ्याला टपाल खात्याच्या खिडकीपलीकडे हात घालता येत नव्हता, हा फरक लक्षात ठेवण्यासाठी हे वर्ष उपयोगी पडते.

१९३४ चा राष्ट्रीय अग्निशस्त्र कायदा मात्र सावकाश वाचावा. शिकागोत १४ फेब्रुवारी १९२९ रोजी टोळीयुद्धात सात जण मारले गेले होते आणि फेब्रुवारी १९३३ मध्ये मायामीत निर्वाचित राष्ट्राध्यक्ष रूझवेल्ट यांच्यावर गोळ्या झाडल्या गेल्या होत्या. तरीही मशिनगनवर थेट बंदी घालण्याचा अधिकार आपल्याला आहे, अशी खात्री सरकारला नव्हती. महान्यायवादी होमर कमिंग्ज यांच्या खात्याने मग कराची वाट धरली. मशिनगन, आखूड नळीच्या रायफली व शॉटगन आणि आवाज दाबणारी नळकांडी यांच्या निर्मितीवर व हस्तांतरणावर २०० डॉलर कर बसला आणि कराच्या वसुलीसाठी म्हणून नोंदणी सक्तीची झाली. टॉमीगन या टोळ्यांच्या आवडत्या मशिनगनची किंमतच त्या काळी साधारण तेवढी होती, त्यामुळे हा कर महसुलासाठी नव्हता हे उघड होते. छिंदवाडा रस्त्यावरच्या प्रत्यक्ष कर अकादमीत नव्या आयकर अधिकाऱ्यांना बंदुकांचे नियमन शिकवावे लागले तर कसे वाटेल, तसाच हा प्रकार होता.

मसुद्यातून काय गळले, तेही वाचावे. मूळ विधेयकात पिस्तुले आणि रिव्हॉल्व्हरही होती; विरोधामुळे ती वगळली गेली. लांब बंदुकीची नळी कापून कोणी पिस्तुलावरचा निर्बंध चुकवू नये म्हणून आखूड नळीच्या रायफलींचे कलम घातले होते. पिस्तूल गेले, कलम राहिले. नुसता अंतिम कायदा वाचणाऱ्याला हे कलम कोड्यासारखे वाटते.

इथे एक सोपी खूण सांगतो. अमेरिकी केंद्रीय कायदे विषयवार खंडांत लावलेले असतात. १९३४ चा कायदा आजही २६ व्या खंडात, म्हणजे अंतर्गत महसुलाच्या संहितेत आहे, तर १९६८ चा कायदा १८ व्या खंडात, म्हणजे फौजदारी कायद्यांत आहे. उद्धरणातील पहिला आकडा पाहिला की दुसरा रकाना बहुधा आपोआप भरतो.

१९३८ च्या कायद्याने व्यापाराच्या अधिकारावर विक्रेत्यांना परवाना लावला, त्याचे वार्षिक शुल्क एक डॉलर होते; त्यावर यापेक्षा जास्त वेळ घालवू नये. १९३९ च्या मिलर खटल्याची नोंद मात्र करावी. सर्वोच्च न्यायालयाने दुसऱ्या घटनादुरुस्तीच्या कसोटीवर कापलेल्या नळीच्या शॉटगनबाबत १९३४ चा कायदा वैध ठरवला, पण आरोपींच्या बाजूने युक्तिवाद करायला कोणी हजरच नव्हते. अशा एकतर्फी सुनावणीतून आलेल्या निकालावर पुढची जवळपास सत्तर वर्षे गेली.

१९६८ हे वर्ष घटनांच्या क्रमाने वाचणाऱ्याला हमखास चकवते. नोव्हेंबर १९६३ मध्ये अध्यक्ष केनेडी यांची हत्या टपालाने मागवलेल्या रायफलीने झाली. मारेकऱ्याने ती खोट्या नावाने मागवली होती. म्हणून कायदा आला, असे लिहिले जाते. प्रत्यक्षात सिनेटर थॉमस डॉड यांनी टपालाने होणाऱ्या पिस्तूलविक्रीवरचे विधेयक ऑगस्ट १९६३ मध्येच, म्हणजे हत्येच्या आधी, मांडले होते आणि हत्येनंतरही पाच वर्षे काही मंजूर झाले नाही. एप्रिल १९६८ मध्ये मार्टिन ल्यूथर किंग आणि जूनमध्ये रॉबर्ट केनेडी यांच्या हत्या झाल्यावर वाट मोकळी झाली आणि २२ ऑक्टोबर १९६८ रोजी राष्ट्राध्यक्ष जॉन्सन यांनी सही केली. त्या कायद्याने सामान्य ग्राहकाला दुसऱ्या राज्यातून टपालाने बंदूक मागवणे बंद झाले, गुन्हेगारी शिक्षा झालेल्यांसह काही वर्गांना बंदूक बाळगण्यास मनाई झाली, प्रत्येक नव्या बंदुकीवर अनुक्रमांक आला, आणि परवानाधारक विक्रेत्याकडून पिस्तूल घेण्यासाठी २१ व लांब बंदूक घेण्यासाठी १८ वर्षांची अट लागली. जॉन्सन यांना हवी असलेली देशव्यापी नोंदणी आणि मालकाचा परवाना या दोन गोष्टी मात्र मिळाल्या नाहीत, आणि सही करतानाच त्यांनी ती खंत बोलून दाखवली.

आपल्याकडच्या वाचकाची सर्वांत मोठी गफलत इथेच होते. अमेरिकेत केंद्रीय परवाना लागतो तो विक्रेत्याला, खरेदीदाराला नाही. नागपूर शहरात पोलीस आयुक्तांकडे आणि ग्रामीण भागात जिल्हा दंडाधिकाऱ्यांकडे शस्त्रपरवान्यासाठी अर्ज करणाऱ्या माणसाची जी कल्पना आपल्या डोक्यात असते, ती तिथे लावू नये.

त्यानंतरची ओळ उलट्या दिशेची आहे. १९८६ च्या बंदूकमालक संरक्षण कायद्याने विक्रेत्यांवरील तपासण्या मर्यादित केल्या आणि (१९३४ च्या कायद्याखालची शस्त्रे सोडून) बंदुकांची केंद्रीय नोंदवही तयार करण्यास मनाई केली. त्याच कायद्यात सामान्य नागरिकांसाठी नव्या मशिनगनही बंद झाल्या. एकाच कायद्यात सैलपणा आणि बंदी दोन्ही असल्याने "बाजूचा की विरोधी" असा शिक्का मारण्याची घाई करू नये. आपल्याकडे प्रत्येक शस्त्रपरवानाधारकाला राष्ट्रीय नोंदणीत विशिष्ट ओळख क्रमांक मिळतो. तिथे मालकांची तशी यादी करणेच कायद्याने वर्ज्य आहे.

संघराज्य समजून घ्यायचे असेल तर १९९३ चा ब्रॅडी कायदा सर्वांत चांगला धडा आहे. मार्च १९८१ मध्ये राष्ट्राध्यक्ष रेगन यांच्यावरील हल्ल्यात जखमी झालेले त्यांचे प्रसिद्धी सचिव जेम्स ब्रॅडी यांच्या नावाचा हा कायदा मंजूर व्हायला बारा वर्षे लागली. पिस्तूल विकण्यापूर्वी पाच दिवस थांबावे आणि स्थानिक पोलीसप्रमुखाने खरेदीदाराची पूर्वपीठिका तपासावी, अशी त्यात तरतूद होती. मोंटाना राज्यातील शेरीफ जे प्रिंट्झ यांनी तिला आव्हान दिले आणि १९९७ मध्ये न्यायालयाने सांगितले की केंद्र सरकार राज्याच्या अधिकाऱ्याला आपले काम करायला भाग पाडू शकत नाही. आपल्या जिल्हा दंडाधिकाऱ्यांचे उदाहरण शेजारी ठेवावे: इथे राज्याचा अधिकारी केंद्रीय शस्त्र अधिनियम राबवतो आणि त्यात कोणालाच वावगे वाटत नाही. ३० नोव्हेंबर १९९८ पासून तिथे ही तपासणी केंद्राच्या संगणकीय यंत्रणेकडे गेली. तीन कामकाजाच्या दिवसांत उत्तर आले नाही, तर विक्रेता बंदूक विकू शकतो. आणि परवाना नसलेल्या खासगी व्यक्तीने आपल्याच राज्यातील माणसाला केलेल्या विक्रीला केंद्रीय कायद्याने ही तपासणी लागूच होत नाही.

याच्या जोडीला १९९५ चा लोपेझ निकाल वाचावा. शाळेच्या परिसरात बंदूक आणण्यावरचा १९९० चा कायदा न्यायालयाने रद्द केला, कारण शाळेत बंदूक बाळगणे हा आंतरराज्य व्यापार नव्हे. दुसऱ्या घटनादुरुस्तीवर हा निकाल आधारलेला नव्हता. पुढच्याच वर्षी काँग्रेसने "आंतरराज्य व्यापारातून आलेली बंदूक" अशा अर्थाचे शब्द घालून तोच कायदा पुन्हा केला.

चौथा रकाना १९९४ पाशी कामाला येतो. लष्करी धाटणीच्या काही अर्धस्वयंचलित बंदुकांवर आणि दहापेक्षा जास्त गोळ्यांच्या मॅगझिनवर त्या वर्षी आलेली बंदी दहा वर्षांच्या मुदतीची होती. १३ सप्टेंबर २००४ रोजी ती संपली आणि पुन्हा आली नाही. ती अजून लागू आहे असे समजून लिहिलेली उत्तरे दरवर्षी दिसतात. २००५ मध्ये, बंदुकीचा गुन्ह्यात वापर झाल्याबद्दल उत्पादकांवर व विक्रेत्यांवर होणाऱ्या दाव्यांपासून त्यांना बरेचसे संरक्षण मिळाले.

दुसरी घटनादुरुस्ती खऱ्या अर्थाने मैदानात येते ती २६ जून २००८ च्या हेलर निकालात. योगायोगाने १९३४ च्या कायद्यावर सही झाली ती तारीखही २६ जूनच. घरात स्वसंरक्षणासाठी पिस्तूल ठेवणे हा व्यक्तीचा हक्क ठरला. २०१० च्या निकालाने तो राज्यांनाही लागू झाला. २३ जून २०२२ च्या ब्रुएन निकालाने बंदूक कायद्यांची कसोटी इतिहासावर नेली, म्हणजे कायदा देशाच्या बंदूक-नियमनाच्या जुन्या परंपरेशी जुळतो का हे पाहायचे ठरले, आणि दोनच दिवसांनी, २५ जूनला, टेक्सासमधील उव्हाल्डेच्या शाळेतील हत्याकांडानंतरच्या नव्या केंद्रीय कायद्यावर सही झाली. त्याने २१ वर्षांखालील खरेदीदारांची तपासणी अधिक कडक केली. २०२४ च्या राहिमी निकालाने कौटुंबिक हिंसाचारात प्रतिबंधक आदेश असलेल्यांवरची मनाई कायम ठेवली.

बातमी वाचताना आधी कायदा राज्याचा की केंद्राचा हे पाहावे, मग तो मंजूर झाला की नुसता मांडला गेला हे पाहावे. एप्रिल २०१३ मध्ये तपासणीची व्याप्ती वाढवणाऱ्या प्रस्तावाला सिनेटमध्ये ५४ विरुद्ध ४६ मते मिळाली, तरी आवश्यक ६० चा आकडा न गाठल्याने तो पडला.

शेवटी पुन्हा वहीतल्या १९३४ च्या ओळीकडे यावे. जुलै २०२५ च्या कायद्याने १ जानेवारी २०२६ पासून आवाज दाबणाऱ्या नळकांड्यांवरचा आणि आखूड नळीच्या बंदुकांवरचा २०० डॉलरचा कर शून्यावर आणला. मशिनगनवर तो राहिला. नोंदणी मात्र काढली नाही. कर उरला नसेल, तर कराच्या अधिकारावर उभी असलेली नोंदणी कशाच्या आधारे टिकते, हा वाद आता न्यायालयांत गेला आहे. त्या ओळीचा दुसरा रकाना तूर्त पेन्सिलीने भरावा.