फ्रेंच टोस्टचं कुरकुरीत कोटिंग सुटतं, जळतं, मऊ पडतं? या चुका टाळा

कुरकुरीत फ्रेंच टोस्ट बिघडला की लोक मला फोटो पाठवतात. फोटो वेगळे, पण बिघाड तेच तीन. कोटिंग सुटून पॅनलाच चिकटलं, बाहेरून काळा पण आतून कच्चा, किंवा झाला तेव्हा मस्त होता पण ताटात येईपर्यंत मऊ पडला. आणि प्रत्येकाचा पहिला प्रश्न असतो की दुसरी रेसिपी आहे का. अहो रेसिपी बदलून काही होणार नाहीये, सगळ्या रेसिपीत तेच अंडं, तेच दूध आणि तोच ब्रेड आहे. बिघडतं ते ओलावा सांभाळण्यात आणि घाईत, आणि मला ते परत परत बघवत नाही म्हणून एकदाचं सगळं लिहून काढतेय.

आधी माझं माप सांगते, म्हणजे पुढचं समजेल. दोन ते अडीच सेंटिमीटर जाडीच्या 4 स्लाइस, 2 अंडी, 120 मिली दूध, 1 चमचा साखर, चिमूटभर मीठ, थोडा व्हॅनिला, आणि कोटिंगसाठी बिनसाखरेचे साधे कॉर्नफ्लेक्स 2 कप, जे चुरल्यावर साधारण एक कप होतात. बस.

ताजा मऊ ब्रेड

ही पहिली चूक आणि निम्मे टोस्ट इथेच बिघडतात. लोकांना वाटतं ब्रेड जितका ताजा आणि लुसलुशीत तितका टोस्ट चांगला. उलट आहे. फ्रेंच लोक या पदार्थाला 'पॅं पेर्दू' म्हणतात, म्हणजे वाया गेलेला पाव, तो शिळा वाळलेला ब्रेड कामी लावायलाच केला जायचा. ताज्या ब्रेडमध्ये आधीच भरपूर पाणी असतं, त्यात तुम्ही दूध-अंडं पाजता, मग आत लगदा होतो, आणि तो लगदा गरम झाला की त्याची वाफ बाहेर पडते ती थेट तुमच्या कोटिंगमधून. आतून सतत वाफ येत असेल तर बाहेरचं कुरकुरीत राहीलच कसं?

आणि शिळा म्हणजे वाळलेला नव्हे, हे पण बऱ्याच जणांना माहीत नसतं. पिशवीत बांधून ठेवलेला ब्रेड दोन दिवसांनी कडक लागतो कारण त्यातला स्टार्च परत घट्ट होतो, पाणी मात्र बरचसं तसंच आत असतं. आपल्याला पाणी कमी झालेला ब्रेड हवाय. मी रात्री स्लाइस कापून जाळीवर उघड्या ठेवून देते, सकाळी वरून कोरड्या लागतात. रात्री विसरले तर ओव्हनमध्ये 150 डिग्रीला 10 मिनिटं, मधे एकदा उलटवून, रंग येऊ द्यायचा नाही फक्त वरचा थर सुकवायचा. ओव्हन नसेल तर कोरड्या तव्यावर अगदी मंद आचेवर दोन्ही बाजू. ही 10 मिनिटं वाचवायला जाऊ नका, यानंतर काहीही केलं तरी ती भरून निघत नाहीत.

पाकिटातला आधीच कापलेला पातळ ब्रेड असेल तर चालतो, फक्त तो मिश्रणात एका बाजूने 5 सेकंद आणि दुसऱ्या बाजूने 5 सेकंद इतकाच बुडवा. जाड वाळलेल्या स्लाइसला एका बाजूला 20 ते 30 सेकंद लागतात. ब्रिओशसारखा लोण्या-अंड्याचा मऊ ब्रेड असेल तर त्याहून कमी, तो पटकन फाटतो.

दूध जास्त

"अजून थोडं मऊ व्हावं म्हणून दूध वाढवलं" हे वाक्य ऐकलं की मला पुढचं सगळं आधीच कळतं. कोटिंगला धरून ठेवणारा गोंद म्हणजे अंडं. गरम झालं की अंडं घट्ट होतं आणि चुऱ्याला ब्रेडशी बांधून टाकतं. दूध दुप्पट केलं की गोंद पातळ, मग चुरा पॅनमध्ये सुटणारच. एका अंड्याला 60 मिली दूध, याच्या वर मी जात नाही. फेटल्यावर गाळून घ्या, नाहीतर पांढऱ्या बलकाच्या गुठळ्या टोस्टवर पांढरे डाग होऊन बसतात. दालचिनी घालायची असेल तर आधी साखरेत मिसळा आणि ती साखर अंड्यात फेटा, नुसती दुधावर टाकली तर वर तरंगते आणि पहिल्याच स्लाइसला सगळी चिकटते. आणि बुडवून काढलेली स्लाइस लगेच चुऱ्यात टाकू नका, उभी धरून थेंब गळायचे थांबेपर्यंत निथळू द्या. मी मनात दहापर्यंत मोजते.

कोटिंग आधीच लावून ठेवणं

आता ही माझी सगळ्यात नावडती चूक, कारण मी ती स्वतः केलीय आणि ती सकाळ मी विसरू शकत नाही. घरी दहा जण नाश्त्याला येणार होते. मी विचार केला सकाळी गडबड नको, रात्रीच सगळं तयार करून ठेवू. वीस स्लाइस बुडवल्या, कॉर्नफ्लेक्समध्ये छान घोळवल्या, ट्रेमध्ये एकावर एक रचल्या, वरून फिल्म लावली आणि फ्रिजमध्ये ठेवून निवांत झोपले. सकाळी फिल्म काढली तर कोटिंग नावाचं काही उरलंच नव्हतं. कॉर्नफ्लेक्सनी रात्रभर अंडं-दूध पिऊन घेतलं होतं, वर एक पिवळा चिखल झालेला, वरच्या स्लाइसचं कोटिंग खालच्या स्लाइसला चिकटलेलं. तरी मला वाटलं पॅनमध्ये टाकल्यावर कुरकुरीत होईल. पहिल्या दोन टाकल्या, उलथनं घातलं, आणि कोटिंग एक अख्खी कातडी सोलून निघावी तसं खालीच राहिलं. मग बाहेर सगळे बसलेले आणि आत मी एकेक स्लाइस सुरीने खरवडतेय. खरवडलेल्या स्लाइस ओव्हनमध्ये जाळीवर टाकून वरून सुकवल्या, नवीन एक अंडं नुसतं फेटून ब्रशने हलकं लावलं, शिल्लक राहिलेले कोरडे कॉर्नफ्लेक्स चुरले आणि दोन-दोन करून लगेच तळल्या. चांगल्या झाल्या, पण सगळ्यांना एक तास थांबावं लागलं आणि मी स्वतः त्यांच्यासोबत बसू शकले नाही याचं मला आजही वाईट वाटतं.

म्हणून कोणी विचारलं की रात्री कोट करून ठेवलं तर चालेल का, तर माझं उत्तर नाही असंच आहे. रात्री करायचं ते हे: ब्रेड कापून वाळत ठेवा, चुरा घट्ट झाकणाच्या डब्यात भरा, अंडं-दूध फेटून फ्रिजमध्ये ठेवा. तिन्ही गोष्टी वेगवेगळ्या. सकाळी पॅन तापायला ठेवला की मगच बुडवायचं, निथळायचं, घोळवायचं, जाळीवर फक्त दोन मिनिटं ठेवायचं म्हणजे चुरा नीट बसतो, आणि पॅनमध्ये. जेवढ्या पॅनमध्ये मावतील तेवढ्याच स्लाइस एका वेळी घोळवा.

चुऱ्याबद्दल पण बोलू. मिक्सरला लावू नका. मिक्सरमध्ये अर्ध्याचं पीठ होतं, ते पीठ ओलं झालं की पेस्ट होते आणि पेस्ट कुरकुरीत होत नाही. अख्खे कॉर्नफ्लेक्स ठेवले तर ते मोठे असल्याने चिकटत नाहीत, उलटताना गळतात. पिशवीत घालून हाताने चुरा किंवा लाटणं एक-दोनदा फिरवा, डाळीच्या दाण्याएवढे तुकडे राहिले पाहिजेत. एक हात ओल्याला, एक हात कोरड्याला. चुऱ्यात स्लाइस ठेवून वरून तळव्याने दाबा, घासू नका, आणि कडा विसरू नका, सगळे कडा विसरतात. पांको म्हणजे जपानी पद्धतीचे जाडसर ब्रेडक्रम्सही छान लागतात, ते जरा जास्त वेळ कडक राहतात, पण मला कॉर्नफ्लेक्सची चव आवडते.

साखर लावलेले किंवा मध लावलेले कॉर्नफ्लेक्स घेऊ नका. साखर ब्रेड शिजायच्या आत जळते. गोडवा नंतर द्या, गरम टोस्टवर दालचिनी-साखर भुरभुरवा.

मोठी आच

दुसरी गोष्ट जिच्यावर मी तासभर बोलू शकते. गॅस मोठा केला की काम लवकर होईल हा समज कुठून आलाय कळत नाही. कॉर्नफ्लेक्स आधीच भाजलेले असतात, त्यांना तपकिरी व्हायला मोठ्या आचेवर एक मिनिट पण लागत नाही. पण अडीच सेंटिमीटर जाड ओल्या ब्रेडच्या मध्यापर्यंत उष्णता पोचायला वेळ लागतोच, आणि आतलं अंडं 71 डिग्रीपर्यंत गेलं पाहिजे तेव्हा ते खायला सुरक्षित मानतात, दुधासोबत असलं की नीट घट्ट व्हायला अजून थोडं वर जावं लागतं. एका मिनिटात काहीच होत नाही. मग बाहेरून सुंदर रंग बघून लोक काढतात, कापतात आणि आत कच्चं मिश्रण वाहतं. मग परत पॅनमध्ये, मग जळतं. मध्यमपेक्षा जरा कमी आच आणि एका बाजूला 3 ते 4 मिनिटं, एकदाच उलटायचं. सारखं उचलून बघायचं नाही, जितक्या वेळा उलथनं घालाल तितका चुरा सुटतो, आणि उलथन्याने दाबायचं तर अजिबात नाही, आतलं मिश्रण पिळून कोटिंगमध्ये येतं.

तेल-बटरचं पण यातच येतं. नुसतं बटर घालू नका. बटरमध्ये साधारण 80 टक्के फॅट, बाकी पाणी आणि दुधाचा घट्ट भाग, आणि तो घट्ट भाग लवकर काळा पडतो, मग त्याचे काळे ठिपके टोस्टला आणि कडवट चव तोंडाला. मी अर्धं तेल अर्धं बटर घेते, किंवा सरळ तूप, कारण तुपात तो जळणारा भाग नसतोच. पॅनच्या तळाला नीट थर होईल इतकं घाला, इथे हात आखडता घेऊन चालत नाही, कोरड्या जागी कोटिंग जळतं आणि बाकी ठिकाणी पांढरं राहतं. तापलंय का बघायला चुऱ्याचा एक तुकडा टाका, लगेच बुडबुडे आले पाहिजेत पण पाच सेकंदात काळा नाही व्हायला पाहिजे. आणि प्रत्येक घाणा झाला की पॅन कागदाने पुसून नवीन तेल-बटर घाला, खाली पडलेला चुरा पुढच्या घाण्यात जळतो.

आत लवकर शिजावं म्हणून झाकण ठेवणारे पण आहेत. झाकणाखाली वाफ कोंडते आणि सगळी मेहनत गेली. ब्रेड फारच जाड असेल तर दोन्ही बाजूंना रंग आणून जाळीवर ठेवा आणि 180 डिग्रीच्या ओव्हनमध्ये 5-6 मिनिटं द्या, आत शिजतं आणि वर अजून कडक होतं.

काढल्यावर ताटात रचणं

इतकं सगळं नीट केलं आणि मग गरम टोस्ट एकावर एक रचून फोटो काढला, तर तो फोटो होईपर्यंत खालचे मऊ. गरम टोस्टमधून वाफ निघतच असते, तिला खालून-वरून जागा पाहिजे. जाळीवर, एका थरात. टिश्यू पेपरवर ठेवायची सवय असेल तर फक्त तेल टिपण्यापुरतं दहा सेकंद, जास्त वेळ ठेवलं तर खालची बाजू घाम आल्यासारखी ओली होते. सगळ्यांना एकदम वाढायचं असेल तर 100 डिग्रीच्या ओव्हनमध्ये जाळीवर वीसेक मिनिटं आरामात टिकतात. सिरप वरून ओतून वाढू नका, वाटीत बाजूला द्या. रसाळ फळंही बाजूलाच.

बाकी छोट्या चुका पटापट. मीठ टाळू नका, चिमूटभर मिठाशिवाय गोड चव सपाट लागते. व्हॅनिला अर्धा चमचा पुरे, जास्त घातला तर कडवट वास येतो. पॅनमध्ये गर्दी करू नका, दोनच स्लाइस. एअर फ्रायरमध्ये करत असाल तर तो आधी तापवा आणि कोटिंगवर दोन्ही बाजूंनी तेलाचा फवारा मारा, तेलाशिवाय कॉर्नफ्लेक्स फक्त वाळतात, खरपूस होत नाहीत. अंडं खात नसाल तर नुसत्या दुधात बुडवून काही चिकटणार नाही, अर्धा कप दुधात 2 मोठे चमचे कॉर्नफ्लोअर नीट मिसळा आणि प्रत्येक वेळी ढवळून मगच बुडवा, ते तळाला बसतं.

उरले तर मायक्रोवेव्ह नको, रबर होतो. ट्रेमध्ये सुटे सुटे फ्रीज करून मग पिशवीत भरा आणि खाताना फ्रीजरमधून थेट 180 डिग्रीच्या ओव्हनमध्ये 10-12 मिनिटं.

आणि एक सवय लावून घ्या, पहिली स्लाइस नेहमी एकटीच टाका आणि झाली की मधोमध कापून बघा. मध्य ओला आणि बाहेर रंग गडद, तर आच कमी करा. मध्य ओला पण बाहेर रंग बरोबर, तर पुढच्या स्लाइस कमी वेळ बुडवा. कोटिंग एका बाजूने सुटलं, तर निथळायला वेळ कमी दिलाय किंवा दाबलं नाहीये. कोटिंग फिकट आणि तेलकट, तर पॅन पुरेसा तापला नव्हता. कापलेली ती स्लाइस उभ्या उभ्या खाऊन टाका आणि मग बाकीच्या टाका.