पळसाची पत्रावळ घरी लावायची असेल तर

सगळ्यात आधी पान ओळखायला शिका कारण अर्धं काम तिथेच होतं. पळसाची नवी पालवी एप्रिल-मे मध्ये येते, ती कोवळी तांबूस पानं घेऊ नका, टोचली की फाटतात, आणि फार जुनं पान कडकडीत होऊन मोडतं. पूर्ण वाढलेलं, हिरवंगार, जाडसर पण मुडपलं तरी न चिरणारं पान हवं. पळसाला पाने तीनच हे तर आपल्याला माहितीये, त्यातलं मधलं सगळ्यात मोठं असतं, ते पत्रावळीला ठेवा आणि बाजूची दोन द्रोणाला. एकाच झाडाला ओरबाडू नका प्लीज, प्रत्येक फांदीवर भरपूर पानं राहू द्या.

पानं ओल्या फडक्याने दोन्हीकडून पुसायची, सावलीत सुकवायची आणि रात्रभर पाटाखाली दाबून ठेवायची म्हणजे सपाट होतात. वाळून कडक झाली असतील तर वापरायच्या आधी पाण्याचा हबका मारा, परत मऊ पडतात.

टाके घालायला बांबूच्या चोया (म्हणजे बारीक काड्या), दाभणापेक्षा बारीक. एक मोठं पान मध्ये ठेवा, तुकतुकीत बाजू वर, मग भोवती एकेक पान लावत जा, प्रत्येक पान शेजारच्यावर निदान दोन बोटं चढलं पाहिजे. इथे कंजूषी केली की आमटी थेट सतरंजीवर 😀 चोय वरून खाली घालून लगेच परत वर काढायची आणि उरलेली मोडायची, की पुढचा टाका त्याच चोयीने. शेवटी हात फिरवून बघा, एकही टोक वर राहायला नको, लहान मुलं जेवणार असतील तर दोनदा बघा.

पहिल्या पत्रावळी वाकड्यातिकड्या होतील, होऊ द्या, त्यावर वरणभात मस्तच लागतो. आणि स्टेपलर अजिबात नको! पिन पोटात गेली तर काय, आणि नंतर गुरांनी ती पत्रावळ खाल्ली तर त्यांच्या पोटात जाणार ते वेगळंच.

फेब्रुवारी-मार्चमध्ये झाडाखाली फुलांचा सडा पडतो तो पण गोळा करून वाळवून ठेवा (झाडावरची तोडू नका, पक्षी मधासाठी येतात). रात्रभर गरम पाण्यात भिजवली की पिवळा-केशरी रंग उतरतो, रंगपंचमीला हाच वापरायचा. सुती रुमाल रंगवायचा असेल तर आधी तुरटीच्या पाण्यात भिजवून घ्या, रंग बरा धरतो.