बागेतलं फूल औषध म्हणून वापरताय? या चुका टाळा

कॅलेंड्युलाचं मलम जखमेवर चांगलं, असं कुणीतरी वाचतं. या फुलाला इंग्रजीत मेरीगोल्ड म्हणतात आणि मेरीगोल्ड म्हणजे झेंडू, हे शाळेपासून पाठ असतं. मग कुंडीतला झेंडू खुडला जातो, वाटला जातो आणि कापलेल्या बोटावर थापला जातो. कुठेच काही चुकल्यासारखं वाटत नाही, पण झाड मात्र भलतंच निघतं.

कॅलेंड्युला आणि झेंडू दोन्ही सूर्यफुलाच्या कुळातले, पण त्यांच्या प्रजाती वेगळ्या आणि रसायनंही वेगळी. झेंडूत थायोफीन नावाची द्रव्यं असतात. मुळांतली ही द्रव्यं जमिनीतल्या सूत्रकृमींना मारक ठरतात, म्हणून इतर पिकांमध्ये झेंडू लावतात. त्यांच्यावर ऊन पडलं की ती जास्त तीव्र होतात आणि काहींच्या कातडीला झोंबतात. ओळखायला सोपी खूण हवी असेल तर फूल सोडा, पान आणि बी बघा. झेंडूचं पान पिसासारखं चिरलेलं असतं आणि चुरडलं की उग्र वास येतो. कॅलेंड्युलाचं पान अखंड, लांबट, हाताला किंचित चिकट लागणारं. झेंडूचं बी सुईसारखं सरळ, तर कॅलेंड्युलाचं नखासारखं वाकडं. आणि समजा योग्य झाड सापडलं, तरी ताजं वाटण उघड्या जखमेवर नको. पाकळीवर मातीतले जंतू असतातच. मलमात वापरतात तो वाळवलेल्या फुलांचा अर्क असतो.

नावावर विसंबणं

माझ्या मते घरगुती औषधांमधल्या निम्म्या गडबडी इथेच सुरू होतात. हिबिस्कस चहाचे रक्तदाबावरचे गुण वाचून लोक दारची जास्वंद उकळतात. तो आंबट लाल चहा जास्वंदीच्या फुलाचा नसतोच. लाल अंबाडीच्या फुलाखालच्या मांसल निदलांचा तो चहा. दोन्ही झाडं हिबिस्कसच, पण एकीवर झालेले अभ्यास दुसरीला लागू होत नाहीत.

शंखपुष्पीचा घोळ तर जाणकारांमध्येही आहे. बहुतेक जण जमिनीवर पसरणाऱ्या, फिकट फुलांच्या कॉन्व्हॉल्व्ह्युलस वेलीला शंखपुष्पी मानतात. काही ठिकाणी निळ्या फुलांची विष्णुक्रांता त्या नावाने दिली जाते, तर काही ठिकाणी चक्क गोकर्ण. गोकर्णाच्या फुलाचा निळा चहा वेगळा, पण गोकर्णाच्या बिया आणि मूळ रेचक आहेत. स्मरणशक्तीसाठी म्हणून बियांची पूड घेणाऱ्याला जुलाब लागले, तर दोष त्या नावाचा.

गुलबक्षीच्या शास्त्रीय नावातच अशी एक जुनी चूक दडली आहे. मिराबिलिस जलापा यातला ‘जलापा’ हा शब्द जलाप नावाच्या रेचक मुळीवरून आला, कारण ती मुळी याच झाडाची असं एके काळी वाटत होतं. प्रत्यक्षात ती निघाली दुसऱ्याच एका वेलीची. नाव मात्र बदललं नाही.

म्हणून लेखात किंवा पाकिटावर दोन शब्दांचं शास्त्रीय नाव नसेल, तर तो उपाय तिथेच सोडून द्या. नावातला दुसरा शब्द ‘ऑफिसिनॅलिस’ असेल, जसा कॅलेंड्युला ऑफिसिनॅलिसमध्ये आहे, तर ती वनस्पती पूर्वी औषधी कोठारात ठेवली जात असे एवढं कळतं. ती निर्धोक आहे असं मात्र त्यातून कळत नाही.

परंपरेतलं अर्धंच उचलणं

‘कण्हेर आयुर्वेदात आहे.’ आहे ना! पण ती आहे उपविषांच्या यादीत. धोतरा आणि कळलावी याच यादीत बसतात. तिथे शोधन केल्याशिवाय, म्हणजे ठरावीक संस्कारांनी विषाची धार कमी केल्याशिवाय, ही द्रव्यं पोटात देत नाहीत. आपण मात्र पुढचं-मागचं गाळून ‘अमुक रोगावर गुणकारी’ एवढंच वाक्य पुढे पाठवतो.

कण्हेरीचं पान, फूल, साल, मूळ सगळंच विषारी आहे. तिच्यातलं ओलिअँड्रिन हृदयाच्या ठोक्यांची लय बिघडवतं. पान वाळवलं किंवा उकळलं तरी ते नाहीसं होत नाही. पिवळी कण्हेर, म्हणजे बिट्टी, हे झाड वेगळं, पण विष त्याच जातीचं आणि बियांमध्ये सर्वांत जास्त.

कळलावीचं फूल ज्वाळेसारखं दिसतं, म्हणून तिला अग्निशिखाही म्हणतात. तिच्या कंदात कोल्चिसीन असतं. गाऊट या सांधेदुखीवर डॉक्टर हेच द्रव्य गोळीतून देतात, पण मिलिग्रॅमच्याही अंशात मोजून. तिचा कंद रताळ्यासारख्या खायच्या कंदांसोबत चुकून शिजवला गेल्याने माणसं दगावली आहेत. कळा आणणारी म्हणून तिला हे नाव पडलं असं सांगतात. नावातच इशारा असताना आणखी काय हवं?

धोतऱ्याची एक मेहुणी बागांमध्ये फार दिसते, ती म्हणजे लोंबत्या कर्ण्यांची ब्रुग्मॅन्शिया. दोघींतही अ‍ॅट्रोपीन, हायोसायमीन आणि स्कोपोलामीन ही विषारी द्रव्यं असतात. छाटणी करून तोच हात डोळ्याला लागला तर एकाच डोळ्याची बाहुली मोठी होते आणि त्या डोळ्याला अंधुक दिसतं. माणूस मेंदूचा काही आजार समजून धावत सुटतो. हातमोजे घालायचे, बस्स.

‘एवढ्याशानं काय होतंय?’

फॉक्सग्लोव्ह ही थंड हवेतली लोकप्रिय बागवनस्पती. सूज आलेल्या रोग्यांवर वीस किंवा अधिक वनस्पतींचा एक घरगुती काढा गुण देतो, असं विल्यम विदरिंग या इंग्रज डॉक्टरच्या कानावर आलं. त्यातलं खरं काम फॉक्सग्लोव्हचं, हे त्याने ओळखलं. 1785 मध्ये त्याने आपली निरीक्षणं छापली आणि त्यात फसलेले प्रयोगही लपवले नाहीत. मात्रा जरा वाढली की ओकाऱ्या, मंद नाडी आणि बिघडलेली दृष्टी. पानाची ताकद ऋतूप्रमाणे बदलते हे कळल्यावर त्याने पानं फुलोऱ्याच्या वेळी खुडायला सांगितली. आजही याच कुळीचं डिगॉक्सिन हे हृदयावरचं औषध देताना डॉक्टर हात आखडता ठेवतात, कारण गुणाची मात्रा आणि विषाची मात्रा यांत अंतर फार थोडं. मूठभर पानांच्या काढ्यात ते अंतर कसं सांभाळणार?

सदाफुलीची गोष्ट तर प्रत्येक मधुमेहीने ऐकावी. तिच्या पानांचा काढा साखरेवर घेतात हे कळल्यावर 1950 च्या दशकात कॅनडात रॉबर्ट नोबल आणि चार्ल्स बीअर यांनी त्याची तपासणी केली. उंदरांच्या साखरेवर फारसा परिणाम दिसला नाही. पण अर्क टोचल्यावर त्यांच्या पांढऱ्या पेशी घसरल्या आणि ते जंतुसंसर्गाने मेले. त्याच धाग्यावरून व्हिनब्लास्टिन हे कर्करोगावरचं औषध हाती आलं, आणि पुढे याच झाडातून व्हिनक्रिस्टिन. पेशींचं विभाजन थांबवणारी ही द्रव्यं आहेत. रोज सकाळी सदाफुलीची चार पानं चघळणाऱ्याने आपण नेमकं काय चघळतोय याचा विचार करावा. शिवाय मधुमेहाच्या गोळ्या चालू असताना वर असले प्रयोग केले, तर साखर कशाने हलली हे कुणालाच सांगता येणार नाही.

भाग चुकणं, कृती चुकणं

बहाव्याच्या शेंगेतला काळा चिकट गर हा परंपरेतला सौम्य रेचक. बिया काढून फक्त गर घ्यायचा. अख्खी शेंग कुटून उकळणं म्हणजे दुसरंच काहीतरी. गुलबक्षीच्या बिया मिऱ्यांसारख्या दिसतात आणि विषारी असतात. लहान मुलं घरात असतील तर त्या वेळच्या वेळी गोळा करून टाका.

दुसरी सवय म्हणजे प्रत्येक फुलाचा काढा करणं. काढा मुळ्या आणि साली अशा कठीण भागांसाठी असतो: सोळा पट पाणी आटवून आठवा हिस्सा. नाजूक फुलांसाठी फांट, म्हणजे चौपट गरम पाण्यात भिजवून गाळणं, किंवा हिम, म्हणजे सहापट गार पाण्यात रात्रभर भिजवणं, हे प्रकार आहेत. गुलाबाची पाकळी वीस मिनिटं खदखदवली तर सुगंध स्वयंपाकघरात पसरतो आणि भांड्यात तुरट पाणी उरतं.

वाळवलेली फुलं काळी पडतात किंवा त्यांना कुबट वास येतो, याचं कारण बहुधा देठाजवळचा जाड भाग. पाकळ्या कुरकुरीत झाल्या तरी त्यात ओल राहते आणि डब्यात बुरशी धरते. पाकळ्या सुट्या करून सावलीत वाळवा. बुरशी दिसली तर वरचं काढून खालचं वापरू नका, सगळंच टाका.

नर्सरीतून आणलं आणि तोंडात घातलं

शोभेची रोपं खाण्यासाठी वाढवलेली नसतात. ती बुटकी राहावीत म्हणून पॅक्लोब्युट्राझोलसारखी वाढरोधकं देतात, आणि किडीसाठी इमिडाक्लोप्रिडसारखी आंतरप्रवाही कीटकनाशकं. ही रोपाच्या अंगातच भिनतात, त्यामुळे फूल मिठाच्या पाण्यात कितीही धुतलं तरी उपयोग नाही. औषधासाठी झाड हवं असेल तर बियांपासून घरी वाढवा, आणि त्यातही रंग चढवलेलं, म्हणजे प्रक्रिया केलेलं बियाणं टाळा. फुलवाल्याकडच्या गुच्छाचा तर विचारच नको.

चालू गोळ्या, गरोदरपण, अ‍ॅलर्जी

सेंट जॉन्स वर्टच्या पिवळ्या फुलांचा अर्क उदासीवर घेतात. तो यकृतातली औषधं मोडणारी यंत्रणा जोरात चालवतो, त्यामुळे गर्भनिरोधक गोळ्या, रक्त पातळ करणारी औषधं आणि अवयवरोपणानंतरच्या गोळ्या यांचा असर उतरतो. नैराश्याच्या काही गोळ्यांसोबत तो घेणं तर धोक्याचंच.

जास्वंदीची फुलं पाळीच्या तक्रारींवर परंपरेने वापरतात, आणि प्राण्यांवरच्या प्रयोगांत त्यांचा गर्भधारणेविरुद्ध परिणाम दिसला आहे. गरोदर बाईने आणि मूल हवं असणाऱ्या बाईने जास्वंद केसांपुरती ठेवावी. अडुळसा गर्भाशयाचं आकुंचन वाढवू शकतो, तेव्हा गरोदरपणात खोकल्यासाठी तोही नको.

शेवंतीने अंग खाजत असेल तर कॅलेंड्युला आणि कॅमोमाइलनेही खाजू शकतं, कारण कुळ एकच. नवीन लेप आधी कोपराच्या आतल्या बाजूला लावून दोन दिवस थांबा. अशी अ‍ॅलर्जी बऱ्याचदा दुसऱ्या दिवशी उठते, तासाभरात काही झालं नाही म्हणून निर्धास्त होऊ नका.

बिघडलंच तर

कातडीवर पुरळ उठलं तर लेप धुऊन टाका आणि तो पुन्हा लावून बघू नका. पोटात गेलं असेल तर मिठाचं पाणी पाजून ओकारी काढायला जाऊ नका. झाडाची फूल-पानांसकट फांदी पिशवीत घाला, किती वाजता आणि किती खाल्लं ते लिहून घ्या आणि थेट रुग्णालय गाठा. तोंड कोरडं, बाहुल्या मोठ्या आणि बोलणं असंबद्ध असेल तर धोतऱ्याचा संशय घ्या. ओकाऱ्या आणि मंद, अडखळती नाडी असेल तर कण्हेरीचा. कळलावी फसवते: पहिले काही तास माणूस ठणठणीत असतो, मग जुलाब लागतात, आणि खरी पडझड त्यानंतर होते. त्यामुळे ‘आता बरं वाटतंय’ म्हणून घरी थांबणं इथे सर्वांत महागात पडतं.

ती पिशवीतली फांदी डॉक्टरांच्या खरंच कामाला येते. डिगॉक्सिनच्या विषबाधेवर वापरतात ती प्रतिपिंडं कण्हेरीच्या विषालाही धरतात, पण ती द्यायची की नाही हे ठरवायला आधी झाड कळावं लागतं. आणि घरात मांजर असेल तर लिलीची फुलदाणी घरातच नको. अंगावर पडलेले परागकण चाटल्यानेही मांजराचे मूत्रपिंड निकामी होऊ शकतात.