कलाविभागात शिरताना: टेप, ब्रेकडाउन आणि हार घातलेला फोटो

चित्रकलेत हात चांगला आहे म्हणून सिनेमाच्या कलादिग्दर्शनाकडे वळणारे बरेच. सहायकाच्या हातात मात्र पेन्सिलीपेक्षा मेजर टेप, बिलं आणि फोनच जास्त वेळ असतो.

शिक्षणाचं थोडक्यात. पुण्याच्या एफटीआयआय या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये या विषयाचा स्वतंत्र अभ्यासक्रम आहे; मुंबईच्या जे. जे. कला महाविद्यालयातून, आर्किटेक्चर किंवा इंटिरियर करून येणारेही पुष्कळ. कुठूनही या, पण प्लॅन (वरून दिसणारा आराखडा) आणि एलिव्हेशन (समोरून दिसणारा) मापात काढता आलं पाहिजे. प्रॉडक्शन डिझायनर सिनेमाचं एकूण रूप ठरवतो, कलादिग्दर्शक ते उभं करून घेतो. छोट्या मराठी सिनेमात ही दोन्ही कामं बहुधा एकाच माणसाच्या गळ्यात पडतात.

खरी परीक्षा ब्रेकडाउनची. पटकथेतला प्रत्येक सीन घेऊन जागा, काळ, दिवस-रात्र आणि वस्तू उतरवून काढा. वस्तूंचे तीन गट करा: नुसत्या दिसणाऱ्या, नट हाताळणार त्या, आणि फुटणाऱ्या-फाटणाऱ्या. घोळ तिसऱ्या गटात होतो. पत्र फाडायचंय? तालीम, टेक, क्लोजअप धरून किमान सहा प्रती, सगळ्यांवर तेच अक्षर आणि त्याच घड्या. वाचताना ज्याच्यावर कुणाचीच नजर थांबत नाही तो म्हणजे वारलेल्या वडिलांचा हार घातलेला फोटो. त्यासाठी नट आधी ठरलेला हवा, मेकअप-कपड्यांसह त्याचं फोटोसेशन हवं, मग प्रिंट आणि फ्रेम. आठवडा हाताशी ठेवा. शूटिंगच्या आदल्या संध्याकाळी ही आठवण झाली तर काहीही करता येत नाही. फ्रेमच्या काचेत लाइट दिसतो, म्हणून काच काढतात किंवा वरच्या बाजूला मागून लाकडी गुटका लावून फ्रेम किंचित पुढे झुकवतात.

आता सेट. चाळीतली १० बाय १२ची खोली हुबेहूब त्याच मापात बांधली की कॅमेरामन वैतागणार. सुपर ३५ मापाचा सेन्सर असलेल्या कॅमेऱ्याला ३५ एमएमची लेन्स असेल तर १२ फुटी भिंत पूर्ण दिसायला कॅमेरा साधारण १७ फूट मागे लागतो. म्हणजे कॅमेऱ्याच्या बाजूची भिंत निघणारी हवी, आणि ती दहा मिनिटांत निघाली पाहिजे. कुठली भिंत निघणार हे प्लॅनवरच लिहा. जड कपाट त्याच भिंतीला टेकवून ठेवलं, तर आधी ते रिकामं करण्यात वेळ जातो. प्लायचं शीट ८ बाय ४ फुटांचं येतं, त्यामुळे भिंतींची लांबी चारच्या पटीत धरली की कापाकापी आणि सांधे दोन्ही कमी. खिडकीबाहेरचं दृश्य दाखवणारा पडदा खिडकीपासून किमान सहा-आठ फूट लांब टांगा. जवळ असला तर त्याच्यावर खिडकीची सावली पडते आणि लाइट ठेवायला जागा उरत नाही.

भिंतींना चमकणारा ऑइलपेंट नको, पांढराशुभ्र रंगही नको. घर वापरातलं वाटायला मळ सगळीकडे सारखा फासू नका. स्विचबोर्डभोवती बोटांचे डाग, खाटेमागे डोकं टेकतं तिथे तेलकट पट्टा, देव्हाऱ्याच्या वर काजळी. बाकी भिंत तशीच राहू द्या.

जुना काळ असेल तर मोठ्या वस्तू सगळ्यांना सुचतात, चूक छापील मजकुरात सापडते. पिनकोड १९७२ साली आला, 'कालनिर्णय' १९७३ साली, रुपयाचं ₹ चिन्ह २०१० साली. इंग्रजी पाटीवर 'मुंबई' हवं असेल तर गोष्ट १९९५ नंतरची पाहिजे; मराठी पाटीला ही अडचण नाही.

सेटवर उभं राहायची पाळी आली तर प्रत्येक शॉटनंतर फोटो काढा: कपात चहा किती, उदबत्ती कुठवर जळालेली, खुर्ची कुठे. जेवणाच्या सुट्टीत सेटवरच्या खुर्चीवर कुणीतरी बसतंच. ते थांबवणं तुमचंच काम.

पैशाबाबत एकच नियम कडक पाळा: स्वतःच्या खिशातून खरेदी करू नका. उचल घ्या, दर खर्चाच्या बिलावर सीन नंबर लिहा, रोजचा हिशेब रोज द्या. चोरबाजार किंवा पुण्याच्या जुन्या बाजारातून घेतलेल्या वस्तूला बिल मिळत नाही, तिथे व्हाउचरवर विकणाऱ्याची सही घ्या. भाड्याचं सामान उचलतानाच प्रत्येक नगाचे, असलेल्या ओरखड्यांसकट, फोटो काढा आणि प्रॉपर्टीवाल्याला, म्हणजे ते सामान भाड्याने देणाऱ्याला, तिथल्या तिथे पाठवा; नाहीतर परत देताना आधीच तुटलेल्या पायाचीही भरपाई तुमच्या विभागाच्या नावावर लागते.